सत्काराची बातमी हा पुरावा नव्हे

विकिपीडियावरच्या प्राध्यापकांच्या नोंदी तपासताना मी बायोडेटा आधी बाजूला ठेवतो. अभ्यास मंडळाचं सदस्यत्व, आंतरराष्ट्रीय चर्चासत्रातले शोधनिबंध, आयएसबीएन क्रमांकाची पुस्तकं, यातलं बरंचसं बढतीच्या गुणांसाठी जमवावंच लागतं. सत्काराच्या बातम्यांचंही तेच. एकच प्रसिद्धीपत्रक तीन दैनिकांत शब्दशः छापून आलं तरी पुरावा एकच, तोही सत्कार करणाऱ्यांनीच पुरवलेला. गौरवग्रंथ शिष्यांनी आणि स्नेह्यांनी लिहिलेला असतो, म्हणून त्यावरही नोंद उभी करू नये. (त्यात कुणी गुरूशी वाद घातलेला सापडला, तर तो लेख मात्र जपून ठेवावा.) पाहायचं ते एवढंच, की ज्यांचं या माणसाशी काही देणंघेणं नाही, त्यांनी त्याचं काम वापरलं, खोडलं किंवा पुढे नेलं आहे का. छत्रपती संभाजीनगरचे डॉ. गंगाधर पानतावणे यांना 2018 साली पद्मश्री जाहीर झाली. ती नसती तरी त्यांची नोंद व्हायलाच हवी होती, आणि ते मराठवाडा विद्यापीठात मराठी शिकवत म्हणून नव्हे. दलित साहित्याचा इतिहास लिहिणाऱ्याला, त्यांची मतं पटोत न पटोत, त्यांचं ‘अस्मितादर्श’ हे नियतकालिक ओलांडून जाता येत नाही.

मराठीत लिहिणाऱ्याचे संदर्भ गूगल स्कॉलरवर कुठून सापडणार, हा आक्षेप रास्त आहे. समीक्षक सुधीर रसाळ यांना साहित्य अकादमी पुरस्कार 2024चा, म्हणजे नव्वदी उलटल्यावर मिळाला. पण त्यांच्या ‘कविता आणि प्रतिमा’ या पुस्तकावरची चर्चा छापील नियतकालिकांत आणि प्रबंधांच्या तळटीपांत कितीतरी आधीपासून आहे. छापील संदर्भ विकिपीडियाला चालतो. त्यासाठी ‘प्रतिष्ठान’सारख्या नियतकालिकाचे जुने अंक चाळायला ग्रंथालयात जावं लागतं, एवढंच. कडक निकषांमुळे खरी माणसं सुटतात, असंही म्हणतात आणि डोना स्ट्रिकलंड यांचं उदाहरण देतात. इंग्रजी विकिपीडियाने मे 2018मध्ये त्यांच्या नोंदीचा मसुदा नाकारला आणि ऑक्टोबरमध्ये त्यांना भौतिकशास्त्राचं नोबेल जाहीर झालं. पण त्या 2013 साली ऑप्टिकल सोसायटीच्या अध्यक्ष होत्या, आणि तेवढ्यावरही नोंद टिकली असती. निकष होता, शोध अपुरा पडला. म्हणून मसुदा परत आला की तो तपासणाऱ्या संपादकावर चिडण्याआधी स्वतंत्र संदर्भ किती दिले होते ते मोजावं. आणि खरोखरच नसतील, तर त्या प्राध्यापकांचं काम विभागाच्या किंवा नियतकालिकाच्या नोंदीत दोन ओळींत, तळटिपेसह द्यावं.