घराचा हप्ता आणि घराची खरी किंमत

कापडाच्या बाजारात रोखीचा भाव वेगळा आणि उधारीचा भाव वेगळा, हे दुकानात कालच कामाला लागलेल्या पोरालाही ठाऊक असते. ९० दिवसांच्या उधारीवर माल उचलणारा व्यापारी आधी विचारतो, "रोख दिले तर वटाव किती?" म्हणजे मुदतीची किंमत त्याला माल उचलण्यापूर्वीच समजलेली असते. पण हाच व्यापारी घर घ्यायला निघाला की त्याची ही सवय सुटते. बँकेत जाऊन तो एकच प्रश्न विचारतो, "महिन्याला हप्ता किती बसेल?" हप्ता झेपेल असे वाटले की सही करून मोकळा होतो. ९० दिवसांचा हिशेब पैशापैशाने करणारा माणूस २४० महिन्यांचा हिशेब करीत नाही. तो कसा करावा, हे या लेखात पाहू.

व्याजाचा शरई प्रश्न मोठा आहे आणि त्याचा निर्णय देणे हे माझ्यासारख्या व्यापाऱ्याचे काम नव्हे. तो आलिमांना विचारावा. पण आपल्यापैकी अनेकांच्या घरावर कर्ज आहे, अनेकजण भावासाठी किंवा भागीदारासाठी जामीन राहिले आहेत. जो कर्ज घेणार नाही त्यालाही, आपण कशापासून दूर राहतो, हे आकड्यांत माहीत असलेले बरे.

हप्त्याच्या पोटात काय असते?

मार्च १९७० मध्ये सिडकोची स्थापना झाली आणि खाडीपलीकडे नवे शहर उभे राहू लागले. १९९२ साली रेल्वे वाशीला पोहोचली. बेलापूर ते पेंधर मेट्रो २०२३ मध्ये सुरू झाली आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये विमानतळाचे उद्घाटन झाले. "आता घेतले नाही तर पुन्हा मिळणार नाही," हे दलालाचे वाक्य तळोज्यापासून उलव्यापर्यंत ऐकू येते. अशा घाईतच हिशेब राहून जातो.

उदाहरणासाठी एक तयार घर धरू. किंमत साडेसदतीस लाख. साडेसात लाख आपण भरले आणि ३० लाख कर्ज घेतले. व्याजदर ९ टक्के, मुदत २० वर्षे. मासिक हप्ता बसतो २६,९९२ रुपये.

पहिल्या महिन्याचे व्याज किती? ३० लाखांवर महिन्याला पाऊण टक्का, म्हणजे २२,५०० रुपये. हप्त्यातून हे वजा केले की मुद्दलात फक्त ४,४९२ रुपये जमा होतात. पुढच्या महिन्यात मुद्दल तेवढे कमी, म्हणून व्याजही थोडे कमी. असे करीत करीत व्याजाचा वाटा घटतो आणि मुद्दलाचा वाढतो. हप्ता मात्र तोच राहतो, त्यामुळे आतला हा फरक डोळ्यांना दिसत नाही.

वर्षभरात आपण ३ लाख २४ हजार भरतो. मुद्दल उतरते फक्त ५६ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, आपण ३२ लाख ३९ हजार भरलेले असतात, म्हणजे घेतलेल्या कर्जापेक्षाही जास्त. तरी शिल्लक कर्ज २१ लाख ३१ हजार असते! अर्धे मुद्दल फिटायला चौदा वर्षे लागतात. पाच-सात वर्षांनी घर विकायला निघालेले लोक बँकेचा उतारा पाहून चकित होतात. बँकेने फसवले असे त्यांना वाटते. वास्तविक फसवणूक झालेली नसते, हप्त्याची रचनाच अशी असते.

मुदत हीच महागाई

आता तेच ३० लाख, तोच ९ टक्के दर, फक्त मुदत बदलून पाहा:

१५ वर्षे : हप्ता ३०,४२८ रुपये, एकूण भरणा ५४ लाख ७७ हजार.
२० वर्षे : हप्ता २६,९९२ रुपये, एकूण भरणा ६४ लाख ७८ हजार.
३० वर्षे : हप्ता २४,१३९ रुपये, एकूण भरणा ८६ लाख ९० हजार.

वीस वर्षांऐवजी तीस वर्षे घेतली तर हप्ता २,८५३ रुपयांनी हलका होतो. त्या हलकेपणाची किंमत २२ लाखांहून अधिक आहे. उलट महिन्याला ३,४३६ रुपये जास्त देऊन मुदत पंधरा वर्षांवर आणली तर दहा लाख वाचतात. लोक पाव टक्का दर कमी करून घेण्यासाठी चार बँका फिरतात आणि मुदतीच्या रकान्यात मात्र बँकेचा माणूस सांगेल तो आकडा लिहून देतात. पंचेचाळिशीतला कारागीर तीस वर्षांची मुदत घेईल तर शेवटचा हप्ता पंचाहत्तराव्या वर्षी भरील. तोपर्यंत हात आणि डोळे साथ देतील काय?

बदलता दर

गृहकर्जाचा दर बहुधा बदलता असतो. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी असे नवे दर रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाहेरच्या मापाला बांधले. २०२१ मध्ये साडेसहा-पावणेसात टक्क्यांच्या आसपास कर्ज मिळत होते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर गेला.

ज्याने साडेसहा टक्क्यांनी ३० लाख वीस वर्षांसाठी घेतले, त्याचा हप्ता २२,३६७ रुपये होता. दर ९ टक्के झाला तेव्हा त्याची शिल्लक २९ लाख होती असे धरा. नुसते व्याजच महिन्याला २१,७५० झाले. हप्ता वाढवला नाही तर मुद्दलात जातात ६१७ रुपये! या गतीने कर्ज फिटायला आणखी चाळीस वर्षे लागतील. हप्ता तोच राहिला म्हणून कर्जदार निर्धास्त असतो. मुदत वाढली, एवढे कळवणारा एक निरोप मोबाईलवर येतो आणि तो वाचला जात नाही.

यावर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये आदेश काढला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याची संधी कर्जदाराला द्यावी. दर तिमाहीला त्याला उतारा मिळावा. आतापर्यंत किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, किती हप्ते उरले, हे त्यात असावे. दर वाढला तर आपली निवड लेखी कळवा. दर उतरला तर हप्ता कमी करून घेऊ नका, मुदत कमी करून घ्या.

घर पडले कितीला?

आता आपल्या साडेसदतीस लाखांच्या घराची पूर्ण बेरीज मांडू. स्वतः भरलेले साडेसात लाख. मुद्रांक शुल्क ६ टक्क्यांनी सव्वादोन लाख (घर स्त्रीच्या नावावर घेतल्यास यात १ टक्का सवलत आहे). नोंदणी फी ३० हजार. कर्जाची प्रोसेसिंग फी अर्धा टक्का धरली तर जीएसटीसह १७,७००. आणि हप्त्यांचे ६४ लाख ७८ हजार. बेरीज झाली ७५ लाख. म्हणजे बरोबर दुप्पट. दलाली, सोसायटीचा मासिक खर्च, मालमत्ता कर वेगळे. सिडकोची जमीन मुळात ६० वर्षांच्या भाडेपट्ट्याने दिलेली असते. अशा जमिनीवरचे घर गहाण ठेवण्यास वा विकण्यास सिडकोचा ना-हरकत दाखला आणि हस्तांतरण शुल्क लागते काय, हे आधीच विचारून घ्यावे.

पुष्कळ ठिकाणी कर्जाबरोबर विमाही गळ्यात घालतात आणि त्याची रक्कम कर्जातच मिळवतात. ६० हजारांचा विमा अशा रीतीने वीस वर्षांत १ लाख ३० हजारांना पडतो. आयुर्विमा हवा असेल तर स्वतंत्र घ्यावा. कर्जासाठी तो घेण्याची कायद्याने सक्ती नाही.

इन्साफाने दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. भाड्याने राहणारा फुकट राहत नाही. आज १२ हजार भाडे असेल आणि दरवर्षी ५ टक्के वाढले, तर वीस वर्षांत साडेसत्तेचाळीस लाखांहून जास्त भाडे जाते आणि हाती भिंत उरत नाही. शिवाय वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसेल. म्हणून कर्जाचे घर नेहमी तोट्याचेच असते असे नाही. पण साडेसदतीस लाखांचा सौदा समजून ७५ लाखांचा सौदा करणे, हा व्यापार नव्हे.

बिनव्याजी मार्गाचा हिशेब

व्याजाशिवाय घर घेण्याच्या पद्धती जगात आहेत. मुराबहात संस्था घर विकत घेते आणि ठरवलेला नफा धरून हप्त्याने विकते. घटत्या मुशारकेत संस्था आणि ग्राहक भागीदार होतात. ग्राहक संस्थेच्या हिश्श्याचे भाडे देतो आणि हिस्सा हळूहळू विकत घेतो. यात घराची विक्री दोनदा होऊ शकते, म्हणून मुद्रांक शुल्कही दोनदा. ब्रिटनने २००३ च्या कायद्याने ही दुहेरी आकारणी काढली. आपल्या देशात रघुराम राजन समितीने २००८ मध्ये बिनव्याजी वित्तव्यवस्थेची शिफारस केली होती, पण २०१७ मध्ये रिझर्व्ह बँकेने हा विषय पुढे न नेण्याचे ठरवले.

मुराबहात एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. एकूण किंमत पहिल्याच दिवशी ठरते आणि नंतर वाढत नाही. बदलत्या दराच्या कर्जात ती शेवटच्या हप्त्यापर्यंत ठरत नाही. मात्र कोणी खासगी माणूस किंवा योजना "हलाल" असे नाव सांगून आली तरी तिलाही हाच प्रश्न विचारावा: एकूण किती देणार, केव्हापर्यंत, आणि मध्येच थांबलो तर काय? सूरह बकराच्या २८२ व्या आयतीत मुदतीचे देणे लिहून ठेवण्याची ताकीद आहे. लिहिलेले वाचले नाही तर लिहिण्याचा फायदा काय?

धंदेवाल्याने काय करावे?

नोकरदाराचा पगार एक तारखेला येतो. आपली वसुली येते तीन-चार महिन्यांनी, आणि हप्ता मात्र दर महिन्याच्या ठरलेल्या तारखेला जातो. हप्ता ९० दिवस थकला की खाते बुडीत सदरात जाते. त्यानंतर सरफेसी कायदा, २००२ प्रमाणे बँक ६० दिवसांची नोटीस देऊन घराचा ताबा घेण्याची कारवाई सुरू करू शकते. एखादा हप्ता परत गेला तरी नाव खराब होते आणि उद्या दुकानासाठी कर्ज मागताना ते आडवे येते. म्हणून:

१. मंदीच्या महिन्यातही झेपेल एवढाच हप्ता बांधून घ्या. सहा हप्त्यांची रक्कम बाजूला ठेवल्याशिवाय सही करू नका. ही रक्कम मालात गुंतवू नका.

२. रमजान, दिवाळी, लग्नसराई यांत हाती पैसा येतो, तेव्हा एकरकमी भरणा करा. आपल्या उदाहरणात दर वर्षाअखेर ५० हजार जास्त भरले तर कर्ज वीसऐवजी सुमारे साडेचौदा वर्षांत फिटते आणि पावणेअकरा लाख वाचतात. पंधरा वर्षांच्या मुदतीएवढा फायदा मिळतो आणि बंधन मात्र लहान हप्त्याचेच राहते. व्यक्तीच्या नावावरील बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीपूर्वी भरण्याचा दंड बँकांना घेता येत नाही.

३. असा भरणा लवकर करा. पहिल्या वर्षाअखेर भरलेला १ लाख शेवटचे १९ हप्ते, म्हणजे ५ लाख १३ हजार रुपये कमी करतो. तोच लाख पंधराव्या वर्षाअखेर भरला तर पावणेसहा हप्तेच कमी होतात. भरताना "मुदत कमी करावी, हप्ता नको" असे लेखी द्या आणि पोच घ्या.

४. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या गृहकर्जाबरोबर मुख्य तथ्यांचे एक पत्रक देणे बंधनकारक आहे. सर्व खर्च धरून वार्षिक दर किती पडतो आणि हप्त्यांचे वेळापत्रक काय, हे त्यात असते. ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावे असा नियम आहे. तेव्हा ते मराठीत किंवा उर्दूत मागण्यात संकोच कसला?

५. कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाईचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

हा सारा हिशेब करायला मोठे शिक्षण लागत नाही. हप्ता गुणिले महिने, त्यात सुरुवातीचा खर्च मिळवा, एवढेच. तो आकडा कागदावर मोठ्या अक्षरांत लिहून घरात सर्वांना दाखवा. पत्नीला आणि कमावत्या मुलालाही दाखवा, कारण वीस वर्षांचा हप्ता एकटा माणूस भरत नाही, सारे घर भरते. आकडा पाहूनही सर्वांची संमती असेल तर सही करा. बँकेत मात्र हप्त्याच्या आधी विचारायचा प्रश्न हाच ठेवा: "एकूण किती?"