धाराशिवहून विनोदी पटकथालेखनाकडे: सहा टप्पे

मालिका-चित्रपटांसाठी विनोदी लेखन करायचे, तर मुंबई गाठण्यापूर्वी आपल्या हाती प्रेक्षकांसमोर पारखलेले लेखन हवे. ती तयारी धाराशिव जिल्ह्यातच करता येते. क्रम असा ठेवावा.

१. माणसे टिपावीत. कळंबचा बाजार, तुळजापूरचे बसस्थानक, उमरग्याकडची कन्नडमिश्रित बोली ऐकून वही भरावी. केवळ गमतीदार शब्द नकोत. माणूस काय लपवतो, कशावर अडून बसतो, तेही लिहावे. लक्ष्मण देशपांडे यांचा ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ हा 52 पात्रांचा एकपात्री प्रयोग मराठवाडी बोलीवरच उभा राहिला.

२. प्रहसन लिहावे. एक जागा, तीन पात्रे, एक अडचण आणि आठ मिनिटे एवढीच चौकट घ्यावी. आधी ‘सेटअप’, म्हणजे प्रेक्षकाची अपेक्षा तयार करणे. मग ‘पंच’, म्हणजे ती अपेक्षा उलटवणारे वाक्य. उलटवणारा शब्द त्या वाक्याच्या शेवटी यावा.

३. प्रयोग करावा. विद्यापीठाच्या युवक महोत्सवात प्रहसनाची स्पर्धा असते. विद्यार्थी नसल्यास गणेशोत्सवाचे व्यासपीठ घ्यावे. प्रयोगाचे चित्रीकरण करून, हशा आला नाही त्या जागा पुन्हा लिहाव्यात.

४. पटकथा उलगडावी. वसंत सबनीस लोकनाट्याकडून चित्रपटाकडे आले. ‘सोंगाड्या’ (1971) आणि ‘अशी ही बनवाबनवी’ (1988) त्यांच्या लेखणीचे. ‘बनवाबनवी’ पाहताना प्रत्येक प्रसंगात कोण कोणापासून काय लपवतो, याची यादी करावी. त्यानंतर स्वतःच्या कथेची ‘वनलाइन’, म्हणजे प्रसंगांची क्रमवार मांडणी, तयार करावी.

५. संहिता नोंदवावी. ती कोणालाही पाठवण्यापूर्वी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे सदस्यत्व घेऊन ऑनलाइन नोंदणी करावी. लेखन कोणत्या तारखेला आपल्याकडे होते, याचा पुरावा राहतो. कल्पना मात्र सुरक्षित होत नाही. म्हणून पूर्ण संहिताच नोंदवावी.

६. मग मुंबई गाठावी. दोन पारखलेली प्रहसने, एक वनलाइन आणि प्रयोगाची चित्रफीत सोबत असावी. सुरुवात सहायक लेखक म्हणून करण्यास हरकत नाही. मात्र मानधन, ते मिळण्याची तारीख, श्रेयनामावलीतील नाव आणि पुनर्लेखनाच्या फेऱ्या लेखी ठरवून घ्याव्यात. मानधन अनेकदा उशिरा मिळते, त्यामुळे निदान सहा महिन्यांच्या खर्चाची तजवीज करूनच गाव सोडावे.