इयान होमची एटीकेटी

व्हायवाला एक्स्टर्नलसमोर बसलं की पाठ केलेलं सगळं गायब! पण हेच एखाद्या कसलेल्या नटाचं भर नाटकात झालं तर?

'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधला म्हातारा बिल्बो आठवतो ना? तोच इयान होम (१९३१-२०२०). रॉयल शेक्सपिअर कंपनीत घडलेला इंग्लिश नट. पिंटरच्या 'द होमकमिंग'साठी १९६७ साली त्याला टोनी पुरस्कार मिळाला. १९७६ साली मात्र 'द आइसमन कमेथ'च्या वेळी रंगमंचाच्या भीतीने त्याला असं गाठलं की त्याने ते नाटकच सोडलं. एखादा अपवाद वगळता पुढे बरीच वर्षं तो रंगमंचावर फिरकला नाही.

अभिनय मात्र सोडला नाही. कॅमेऱ्यासमोर रीटेक मिळतो. 'एलियन'मधला यंत्रमानव अ‍ॅश (१९७९) त्याने केला. 'चॅरियट्स ऑफ फायर'मधल्या (१९८१) कोचच्या भूमिकेने ऑस्कर नामांकन मिळवून दिलं. १९९३ साली पिंटरच्याच 'मूनलाइट'मधून तो नाटकात परतला. १९९७ मध्ये, वयाच्या पासष्टाव्या वर्षी, थेट 'किंग लिअर'! त्यासाठी ऑलिव्हिए पुरस्कारही मिळाला.

तर दोस्तांनो, एक विषय राहिला म्हणून कुणी बॅग भरून घरी जात नाही. जमतात ते पेपर काढायचे, आणि राहिलेल्याला पुन्हा बसायचं. होमला त्यासाठी सतरा वर्षं लागली. आपल्याला तर पुढचीच सेमिस्टर आहे!