आधी कोशात, मग पाळण्यात

अगं, तू पाठवलेली नावांची यादी वाचली. गोड आहे. मुलगा झाला तर, मुलगी झाली तर, दोन्ही बाजूंची तयारी! पण प्रत्येक नावापुढे ‘संस्कृत’ आणि अर्थ लिहिलायस ना, ते जरा तपासूया. बारशाच्या पत्रिकेत अर्थ छापायचाय म्हणतेस, आणि तुझ्या सासूबाईंनी शाळेत जन्मभर संस्कृत शिकवलंय, हे विसरू नकोस.

पहिलंच घे, आरव. तू लिहिलंयस ‘शांत’. आपट्यांच्या कोशात आरव म्हणजे आवाज, ओरडा. कोश तरी कशाला हवा? पहाटे कोंबडा काय करतो? आरवतो! तान्ह्या बाळाला नाव शोभेल हो, रात्री दोन वाजता तुलाही पटेल. खुशाल ठेव, फक्त ‘शांत’ म्हणून सांगत फिरू नकोस.

दहा साइटवर एकच अर्थ दिसला म्हणून भुलू नकोस, सगळ्यांनी एकमेकींचंच उचललेलं असतं. वा. शि. आपट्यांचा १८९० चा कोश आणि मोनियर-विल्यम्सचा १८९९ चा, दोन्ही कोलोन विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट बघता येतात. ओवीसारखं मराठी नाव असेल तर मोल्सवर्थ किंवा दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश उघड.

आणि शब्द फोडून बघ. शिवांश म्हणजे शिव अधिक अंश, सरळ आहे. रेयांश म्हणे ‘सूर्याचा अंश’. मग ‘रेय’ म्हणजे सूर्य कुठल्या कोशात आहे? मला तर तो सोवळं नेसलेला इंग्रजी ‘रे’च वाटतो.

कियारा इटालियन आहे. असिसीची संत क्लारा तिच्या भाषेत कियाराच, अर्थ उजळ, स्वच्छ. मायरा हे नाव इंग्रज कवी फुल्क ग्रेव्हिलच्या कवितांमधलं. बाहेरचं नाव ठेवण्यात काही वावगं नाही गं. आपले शहाजी आणि पिराजी तरी कुठून आले? फारसीतल्या शाह आणि पीरवरूनच ना! चीड येते ती अशा नावांना ओढूनताणून वेदांत नेऊन बसवतात त्याची.

उद्या नक्षत्र पूर्वाषाढा निघालं आणि गुरुजींनी ‘ढा’ सांगितला, तरी घाबरून काहीतरी नवीन घडवू नकोस. ते अक्षर पाळण्यातल्या नावाला पुरे, कागदावरचं वेगळं ठेवता येतं. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची, पण ती नावाशिवायही होते. नाव १२ महिन्यांत फी न भरता घालता येतं, पुढे विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. तेव्हा आत्याबाईंना कानात कुर्र करू दे, तू पत्रिका तेवढी आत्ताच छापायला टाकू नकोस. रविवारी येते, उरलेली नावं दोघी मिळून बघू. अद्विकपासून सुरुवात करू, त्याच्यावर माझा मुळीच विश्वास नाही.