सुरतेच्या जुन्या वस्तीतून पायी फेरी
(शब्बाथशाळेच्या शिक्षकांसाठी अभ्यासपाठ)

वाचन: स्तोत्र ४८:१२-१४; प्रेषितांची कृत्ये १७:१६-२३



स्तोत्र ४८ च्या अखेरीस उपासकांना नगराला पायी फेरी घालण्यास सांगितले आहे. बुरूज आणि तट डोळ्यांनी पाहून ठेवले म्हणजे पुढच्या पिढीला सांगण्यासाठी हाती काही उरेल, असे स्तोत्रकर्त्याचे म्हणणे आहे. पौलही अथेनैमध्ये सोबत्यांची वाट पाहत स्वस्थ बसला नाही. तो नगर पाहत हिंडला, मूर्ती पाहून अंतःकरणात व्याकूळ झाला, पण भाषणाला उभा राहिला तेव्हा त्याने आरंभ केला तो त्या लोकांच्याच एका वेदीपासून. पाहिल्याशिवाय त्याला ते साधले नसते.

युरोपातील रोम, प्राग अशा जुन्या शहरांत छत्री उंच धरून पुढे चालणारा गाईड आणि त्याच्या मागून वीस-पंचवीस प्रवासी, हे दृश्य नेहमीचे आहे. आपल्या गुजरातेत अहमदाबादच्या महानगरपालिकेने १९९७ साली काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंतची अशी फेरी सुरू केली. आम्हां कामरेजच्या मंडळींना तितकेही लांब जायला नको. सुमारे २० किलोमीटरवर सुरत आहे, आणि तिच्यातच युरोपचा एक तुकडा पुरलेला आहे. पुरलेला हा शब्द आम्ही शब्दशः वापरीत आहोत.

ही फेरी का काढावी, हे आधी स्पष्ट सांगतो. आमच्याकडील मुलांना शाळेत दोन प्रश्न विचारले जातात. एक, "तुमचा धर्म इंग्रजांचा ना?" आणि दुसरा, "सुरत लुटली ती तुम्ही मराठ्यांनीच ना?" मूल दोन्हींकडे खाली मान घालून उभे राहते, किंवा भांडून येते. शिक्षकाने वर्गात उत्तर सांगितले तर ते पाठ होते, पण पटत नाही. दगडापुढे उभे करून सांगितले तर मूल स्वतः विचारू लागते. म्हणून सहामाही परीक्षेनंतर, डिसेंबर-जानेवारीच्या गारव्यात, वरच्या वर्गाची मुले घेऊन एक सकाळ द्यावी. पाचापेक्षा जास्त ठिकाणी थांबू नये. गाईडाला जितके ठाऊक असेल तितके सगळे बोलण्याचा मोह होतो आणि मुलांचे पाय दुखू लागतात.

आरंभ कतारगाम दरवाजाजवळच्या इंग्रजांच्या कब्रस्थानापासून करावा. हे कब्रस्थान आणि जवळचे डच व आर्मेनियन कब्रस्थान पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहेत, तेव्हा थडग्यांवर चढू नये, नावे कोरू नयेत, हे आत जाण्यापूर्वीच बजावावे. आत पाऊल टाकताच मुले बहुधा विचारतात, हा दर्गा आहे काय? प्रश्न योग्य आहे. घुमट, कमानी, खांब, वर जाण्याचे जिने, हे सारे गुजरातच्या सुलतानांच्या आणि मोगलांच्या मकबऱ्यांवरून घेतले आहे. सर्वांत मोठी इमारत ऑक्झिंडन बंधूंची. धाकटा ख्रिस्तोफर १६५९ साली वारला आणि थोरला सर जॉर्ज, सुरतेच्या वखारीचा प्रेसिडेंट, १६६९ साली. दोघेही एकाच वास्तूत आहेत.

येथे थोडे थांबावे. ख्रिस्तोफरच्या लॅटिन शिलालेखात त्याच्या आयुष्याचा हिशेब व्यापाऱ्याच्या खातेवहीच्या भाषेत मांडला आहे. वर्षांची नोंद करण्याइतका अवधी त्याला मिळालाच नाही, दिवसांचीच नोंद झाली आणि मरणाने हिशेब मागितला, असा त्याचा आशय आहे. मुलांना स्तोत्र ९० आठवण्यास सांगावे, त्यांतील दिवस मोजण्याची प्रार्थना त्यांना पाठ असतेच. ज्याने हा लेख लिहिला त्याला वखारीचे जिणे चांगले कळत होते. त्या वखारीत सकाळ-संध्याकाळ प्रार्थनेची सक्ती होती आणि गैरहजर राहणाऱ्यास दंड होता. दंड ठेवावा लागला, यावरून हजेरी कशी असेल ते समजावे!

आता सर जॉर्ज. आपल्या मराठी मुलांना हे नाव इतिहासात भेटलेले असते. १६६४ च्या जानेवारीत शिवाजी महाराज सुरतेवर आले तेव्हा मोगलांचा सुभेदार किल्ल्यात दडून बसला, आणि या जॉर्जने वखार बंद करून तिचा बचाव केला. (१६७४ साली रायगडावर राज्याभिषेकाला हजर राहिलेला हेन्री ऑक्झिंडन तो निराळा, त्याच घराण्यातला. मुले हमखास घोटाळा करतात.) दुसरा प्रश्न टाळू नये, तो येथेच घ्यावा. सुरत ही मोगलांची श्रीमंत पेठ होती, महाराजांचे औरंगजेबाशी युद्ध चालू होते आणि सैन्यासाठी पैसा हवा होता, हे सांगावे. शहराचा मोठा भाग जळाला, वीरजी वोरासारख्या सावकारांची घरे रिकामी झाली, आणि १६७० साली पुन्हा तेच घडले, हेही सांगावे. आमच्या मते अर्धे सांगून अर्धे झाकणारा गाईड मुलांचे नुकसान करतो. शेजारच्या गुजराती घरात उरलेले अर्धे त्यांना ऐकायला मिळतेच, आणि मग शिक्षकाच्या पहिल्या अर्ध्यावरचाही विश्वास उडतो.

त्याच वेळी बर्निये नावाच्या फ्रेंच प्रवाशाची नोंदही सांगावी. महाराजांनी फादर अँब्रोझ या कापुचिन धर्मगुरूच्या घराला हात लावू दिला नाही, आणि डचांच्या एका मृत हिंदू दलालाचे घरही सोडले, कारण तो हयातीत फार दानधर्म करीत असे, असे त्याने लिहिले आहे. बर्नियेने हे ऐकीव माहितीवरून लिहिले, तेही मुलांना कळू द्यावे. पण त्या काळच्या एका परक्या माणसाला हे ऐकू आले आणि लिहून ठेवावेसे वाटले, एवढे तर खरे. धर्मगुरूचे घर आणि दानशूराचे घर एकाच ओळीत यावे, यावर वर्गात बोलण्यासारखे पुष्कळ आहे.

तेथून डचांच्या कब्रस्थानात जावे. येथे बॅरन व्हान रीडे याचा दोन मजली, अष्टकोनी, दुहेरी घुमटाचा मकबरा आहे. इंग्रजांच्या ऑक्झिंडनपेक्षा आपला माणूस मोठा दिसावा म्हणून डचांनी तो असा बांधला, असे सांगतात. मेलेल्यांच्या नावाने जिवंतांची चढाओढ! पण हा मनुष्य केवळ मकबऱ्यासाठी लक्षात ठेवू नये. मलबारातील वनस्पतींवर त्याने 'होर्तुस मलाबारिकुस' हा बारा खंडांचा ग्रंथ तयार करविला, तो १६७८ ते १६९३ या काळात निघाला, आणि शेवटचे खंड बाहेर येण्यापूर्वीच, १६९१ साली, सुरतेकडे येताना त्याला जहाजावर मरण आले. झाडांची नावे व गुण त्याला इट्टी अच्युतन् या वैद्याने आणि रंग भट, विनायक पंडित, अप्पू भट या कोंकणी पंडितांनी सांगितले. त्या तिघांचे कोंकणीतले निवेदन पहिल्या खंडात नागरी अक्षरांत छापलेले आहे. एवढ्या घुमटाखाली एकच नाव आहे, पण ग्रंथात तरी त्याने इतरांची नावे येऊ दिली, हे त्याच्या पदरात टाकले पाहिजे.

आर्मेनियन कब्रस्थानाकडे गाईड सहसा दोन मिनिटे देतात. आम्ही म्हणतो, येथे निवांत बसून पाणी प्यावे. जमिनीलगतच्या शिळा, त्यांवरची न कळणारी लिपी, फारसा डामडौल नाही. आर्मेनियाच्या राजाने चौथ्या शतकाच्या आरंभी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. त्या देशाचे हे व्यापारी इराणमार्गे सुरतेत आले, येथे राहिले, उपासना केली आणि मेले. त्यांनी कोणाचे राज्य घेतले नाही. ख्रिस्ती म्हणजे राज्यकर्ता, हे मुलांच्या मनातले समीकरण या शिळांपाशी आपोआप सैल होते.

चालण्याचा कंटाळा आलेल्या मुलांसाठी एक गोष्ट राखून ठेवावी. टॉम कोरिएट नावाचा एक इंग्रज १६०८ साली व्हेनिस पाहण्यास गेला आणि १६११ साली त्याने त्या प्रवासावर पुस्तक काढले. पुढे तो हलब शहरापासून अजमेरपर्यंत पायी आला, जहांगीर बादशहापुढे फारशीत भाषण करून शंभर रुपये मिळविले (इंग्रज वकील सर टॉमस रो याला ते भीक मागण्यासारखे वाटून राग आला), आणि १६१७ च्या डिसेंबरात सुरतेत मरण पावला. सुवाळी बंदराच्या वाटेवर त्याला पुरले. कामरेजहून बसने आलो म्हणून दमलो, असे म्हणणाऱ्यास हे ऐकवावे.

पुढे चौक बाजार. तापीकाठचा किल्ला सोळाव्या शतकाच्या मध्यास, पोर्तुगीजांच्या हल्ल्यांमुळे, गुजरातच्या सुलतानाने बांधविला. महानगरपालिकेने अलीकडे तो दुरुस्त करून तेथे संग्रहालय केले आहे. येथे भराभर पाहून निघावे, नाहीतर सारी सकाळ तोफांतच जाते. जवळची मुगलीसरा १६४४ साली हज यात्रेकरूंसाठी बांधलेली सराई, आज तेथे महानगरपालिकेचे कार्यालय आहे. मुलांनी दारावरची कमान पाहावी आणि रांगेतल्या लोकांना वाट द्यावी.

याच भागात आय. पी. मिशन शाळा आहे, आणि आमच्या दृष्टीने फेरीचे खरे ठिकाण हे. पहिल्या प्रश्नाचे उत्तर येथे द्यावे. मुलांकडून फळ्यावरच्यासारखी वजाबाकी करून घ्यावी. इंग्रजांना सुरतेत वखारीची परवानगी मिळाली १६१३ साली. लंडन मिशनरी सोसायटीचे स्किनर आणि फायव्ही हे मिशनरी सुरतेत आले १८१५ साली. मधली वर्षे २०२. या दोनशे वर्षांत वखारीत पाद्री होते, पण ते मुख्यतः आपल्याच लोकांसाठी. त्यांतील हेन्री लॉर्ड याने येथील बनिया आणि पारशी लोकांजवळ बसून त्यांचे धर्म समजून घेतले व १६३० साली त्यावर पुस्तक छापले, हे त्याला भूषणावह आहे. परंतु सुरतकरांच्या भाषेत शुभवर्तमान द्यावे, असे कंपनीच्या मनात आले नाही. उलट मिशनरी आले तर व्यापार बिघडेल, ही तिला भीती होती. विल्यम केरीला डचांच्या नव्हे, डेन्मार्कच्या श्रीरामपुरात आसरा घ्यावा लागला. १८१३ च्या कायद्याने वाट मोकळी झाल्यावरच सुरतेत हे दोघे आले, गुजराती शिकले, आणि १८२० च्या आसपास येथेच छापखाना घालून त्यांनी नवा करार गुजरातीत छापला. स्किनर १८२१ साली वारला. त्याच्यावर कोणी दोन मजली घुमट बांधला नाही.

तरी शिक्षकांनी येथे फुशारून जाऊ नये. मिशनरी आले तेव्हा सुरतेवर कंपनीचाच अंमल होता आणि त्या अंमलाचा आडोसा त्यांना मिळाला, हे नाकारून चालणार नाही. एखाद्या हुशार मुलाने तसे विचारले तर होय म्हणावे. मागाहून १८४० नंतर हे काम आयरिश प्रेस्बिटेरियन मंडळींकडे गेले. शाळेच्या नावातील आय. पी. ती हीच अक्षरे.

त्याच दशकात सुरतेच्या इंग्रजी शाळेत एक मराठी शिक्षक होते, दादोबा पांडुरंग तर्खडकर, मराठी व्याकरणकार. दुर्गाराम मेहताजी आदी गुजराती मित्रांबरोबर त्यांनी १८४४ साली येथे मानवधर्म सभा स्थापन केली आणि जातिभेद व अंधश्रद्धा यांविरुद्ध उघड बोलण्यास आरंभ केला. ते ख्रिस्ती नव्हते. पण सुरतेशी मराठी माणसाचा संबंध १६६४ आणि १६७० या दोन सालांपुरताच नाही, हे मुलाला सांगण्यास दादोबांइतके चांगले नाव दुसरे नाही. गुजराती व मराठी मनुष्य येथे एका बाकावर बसून काम करीत होते.

परत येताना तापी पुन्हा दिसते. ग्रीक खलाशांच्या एका जुन्या प्रवासवर्णनात भडोचजवळच्या किनाऱ्यावर 'कम्मोनी' नावाचे गाव येते, आणि बरेच अभ्यासक ते आपले कामरेज असावे असे मानतात. तसे असेल तर आम्ही सकाळी ज्या गावातून बसमध्ये चढलो, ते सुरतेपेक्षाही जुने बंदर होय.

पुढच्या रविवारी वर्गात मुलांकडून थडग्यांवरील सालांवरून प्रत्येकाचे वय काढून घ्यावे, जेथे जन्मसाल असेल तेथे. मग त्यांना आपल्याच मंडळीतील वडीलधाऱ्यांकडे वही देऊन पाठवावे. या भागात आपले पहिले कुटुंब कोणत्या गावाहून व कोणत्या साली आले, पहिली घरगुती उपासना कोणाच्या खोलीत भरली, तेव्हा गायनाची पुस्तके किती होती, आणि त्या लोकांपैकी जे देवाघरी गेले त्यांना कोठे ठेवले आहे, एवढे विचारून आणावे. आजीबाईंकडे आधी जावे. त्यांना तारखा आठवत नाहीत, पण कोणत्या पुराच्या आधी आणि कोणाच्या लग्नानंतर, ते बिनचूक आठवते.