दुकानदार ‘टायनी ११’ टाकून देतो म्हणतो…

प्रश्न : माझ्या जुन्या लॅपटॉपला (रॅम ४ जीबी) विंडोज ११ चालत नाही. दुकानदार ‘टायनी ११’ टाकून देतो म्हणतो. घेऊ का टाकून?

उत्तर : टायनी ११ म्हणजे काटछाट केलेलं विंडोज ११. लॅपटॉप हलका चालेल, यात शंका नाही. नको असलेली ॲप्स काढलेली असतात, विंडोज ११ ची टीपीएम २.० या सुरक्षा-चिपची अटही आड येत नाही. पण दुकानदाराच्या पेनड्राइव्हमध्ये काय आहे ते आधी विचारा. कुणीतरी बनवलेली तयार आयएसओ असेल, तर तीत काय काढलं ते दिसतं. काय घुसवलं ते दिसत नाही. अशा मशीनवरून मी तरी बँकेचे व्यवहार करणार नाही.

टाकायचंच तर मायक्रोसॉफ्टची मूळ आयएसओ उतरवून तिच्यावर ‘टायनी ११ बिल्डर’ची स्क्रिप्ट चालवून घ्या, तिचा कोड कुणालाही वाचता येतो. टायनी ११ ची ‘कोअर’ आवृत्ती मात्र नकोच, तीत अपडेट आणि डिफेंडर दोन्ही बंद असतात. लायसन्स लागतंच, दुकानदार काहीही म्हणो.

श्रीलिपीसारखं विंडोजवरचंच काही लागत नसेल, नुसतं ब्राउझर आणि पत्रव्यवहार असेल, तर लिनक्स मिंटची एक्सएफसीई आवृत्ती बघा. आणि हार्डडिस्क जुनी फिरती असेल तर आधी एसएसडी बसवा. निम्मी रड तिथंच थांबते.