काळाला लगाम घालता येईल काय?

पाणी उताराकडे धावते. पण माणसाने त्याला बांध घातला. आपल्या शहापूर तालुक्यातील तानसा आणि भातसा या धरणांचे पाणी थेट मुंबईची तहान भागवते. दार उघडले की पाणी सुटते, मिटले की थांबते. काळाच्या प्रवाहालाही असे दार बसवता आले तर? दुःखाचे दिवस भर्रकन पुढे जावेत, सुखाचे अडवून धरावेत, गेलेले पुन्हा वळवून आणावेत, असे कोणाला वाटत नाही? इंग्रज लेखक एच. जी. वेल्स यांनी १८९५ साली 'द टाइम मशीन' ही कादंबरी लिहून या इच्छेला यंत्राचे रूप दिले. असे यंत्र आजही कल्पनेतच आहे. परंतु या कल्पनेतील शक्य किती आणि अशक्य किती, याचा विचार विज्ञानाच्या आधारे करता येतो. प्रस्तुत लेखाचा तोच हेतू आहे.

प्रथम एक गोष्ट लक्षात घेतली पाहिजे. घड्याळ फिरवणे म्हणजे काळ फिरवणे नव्हे. १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ सुरू झाली. तरीही मुंबई शहराने तिच्याहून ३९ मिनिटे मागे असलेली आपली 'मुंबई वेळ' १९५५ पर्यंत जपली. दुसऱ्या महायुद्धात १९४२ ते १९४५ या काळात तर देशाची घड्याळे एक तास पुढे केली होती. म्हणून कोणाचे आयुष्य तासाने घटले नाही की सूर्य लवकर उगवला नाही. बदलला तो केवळ माणसामाणसांतील करार.

मग खरा काळ कधी संथ होतो काय? होतो, असे अल्बर्ट आइनस्टाइन यांनी १९०५ व १९१५ साली मांडलेल्या सापेक्षतेच्या सिद्धांतांवरून दिसते. वेगाने जाणाऱ्याचा काळ स्थिर असणाऱ्याच्या मानाने हळू चालतो. तसेच गुरुत्वाकर्षण जेथे प्रबळ, तेथेही काळ हळू चालतो. याचे उदाहरण आपल्या डोळखांब परिसरातूनच घेता येईल. पायथ्यापासून आजोबाच्या डोंगरावर हजार मीटर वर चढून गेलो, तर तेथील घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा वर्षाला सुमारे ३.४ मायक्रोसेकंद पुढे जाईल. मायक्रोसेकंद म्हणजे सेकंदाचा दहा लाखावा भाग. हा फरक आपल्याला जाणवणार नाही. पण तो खरा आहे.

हे केवळ कागदावरचे गणित नाही. ऑक्टोबर १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी आण्विक घड्याळे विमानात ठेवून पृथ्वीप्रदक्षिणा केली. जमिनीवरच्या घड्याळाशी ताडून पाहता, पूर्वेकडे गेलेली घड्याळे सेकंदाच्या ५९ अब्जांश भागांनी मागे पडली, तर पश्चिमेकडे गेलेली २७३ अब्जांश भागांनी पुढे गेली. आज मोबाइलवर रस्ता दाखवणारी जीपीएस यंत्रणाही याच नियमावर सांभाळलेली आहे. तिच्या उपग्रहांवरील घड्याळे दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जाऊ पाहतात. ही दुरुस्ती केली नाही, तर एका दिवसात ठिकाण दाखवण्यात सुमारे १० किलोमीटरची चूक होईल.

तेव्हा काळ संथ करता येतो. पण येथेच खरी मेख आहे. समजा, एक तरुण प्रकाशाच्या ८० टक्के वेगाने जाणाऱ्या यानातून फिरून आला. यानात ३ वर्षे गेली, तर पृथ्वीवर ५ वर्षे झालेली असतील. म्हणजे त्याला दोन वर्षे जादा मिळाली काय? मुळीच नाही. त्याची नाडी, त्याची भूक, त्याची झोप, सारे तीनच वर्षांचे. तेवढ्या काळात जितका अभ्यास व्हायचा तितकाच होणार. उलट घरच्या माणसांची दोन वर्षे त्याला अंतरली. काळ संथ करणाऱ्याला आयुष्य वाढवून मिळत नाही. त्याची फक्त आपल्या माणसांशी फारकत होते.

आपल्या पुराणातील रैवत राजाची कथा हेच सांगते. कन्या रेवतीसाठी वर विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तेथे गाणे चालले होते म्हणून थोडा थांबला. तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली. त्याने मनात योजलेले वर तर गेलेच, त्यांचे वंशजही उरले नाहीत. पुढे रेवती बलरामाला दिली. या कथेवरून आपल्या पूर्वजांना सापेक्षता ठाऊक होती, असे काही जण म्हणतात. ते मात्र पटत नाही. कथेत कल्पनेची भरारी आहे. पण किती वेगाला किती फरक पडतो, याचे सूत्र नाही. कल्पना आणि सिद्धांत यांत हाच भेद आहे.

विज्ञान आणि कथा यांची सांगड मराठीत डॉ. जयंत नारळीकर यांनी घातली. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत १९७४ साली त्यांनी नारायण विनायक जगताप या टोपणनावाने 'कृष्णविवर' ही कथा पाठवली आणि तिला पहिले पारितोषिक मिळाले. कृष्णविवराजवळ गुरुत्वाकर्षण अतिप्रबळ, म्हणून तेथे काळ फारच संथ.

राहता राहिला भूतकाळ. कर्ट गोडेल यांनी १९४९ साली आइनस्टाइनच्याच समीकरणांतून भूतकाळात जाता येईल असे एक फिरते विश्व मांडले. पण ते आपले विश्व नव्हे. शिवाय मागे जाऊन कोणी आपल्याच आजी-आजोबांचे लग्न मोडले, तर तो जन्मणार कसा? नारळीकरांच्या गंगाधरपंतांनाही मराठे जिंकलेले पानिपत दिसते, ते वेगळ्याच जगात. आपले १७६१ त्यांना पुसता येत नाही.

आमच्यासारख्या ज्या घरांतून पहिल्यांदाच कोणी कॉलेजात आले, तेथे हा प्रश्न नुसता पुस्तकी राहत नाही. आईचे शाळेत जायचे वय शेतात आणि पाणी भरण्यात गेले. ते तिला परत द्यावे, असे फार वाटते. परंतु कोणतेही यान ते आणून देणार नाही. मात्र अक्षरे शिकायला ते वय परत यावे लागत नाही. भाकऱ्या आटोपल्यावर रात्री अर्धा तास मोकळा असतो. तिच्यासाठी तो वापरणे आपल्या हातात आहे.